ज्याची जागा, त्याचा नकाशा : साँ-दिए शहराच्या पुनर्बांधणीचं प्रकरण, १९४४ ते १९५१

नगररचना शिकवताना हे प्रकरण मी दरवर्षी घेतो, आणि दरवर्षी वर्ग दोन तासांत एकदा तरी पलटी खातो. आधी सगळी मुलं वास्तुकाराच्या बाजूने असतात, नंतर नसतात. का, ते पुढे येईलच.

नावांपुरतं सांगतो. सार्वजनिक नोंदीत असलेल्या दोन-चार माणसांची नावं ठेवली आहेत. घरमालक, भाडेकरू, दुकानदार आणि नगरसेवक फक्त आपापल्या भूमिकेने येतात.

पार्श्वभूमी

फ्रान्सच्या ईशान्येला व्होझ नावाची डोंगररांग आहे. आपल्या सह्याद्रीसारखे कातळकडे इथे फारसे नाहीत. माथे गोलसर आहेत आणि त्यांवर फर, स्प्रूस यांचं दाट रान आहे. दुरून पाहिलं की ही रांग निळी दिसते. साँ-दिए हे गाव या रांगेच्या पश्चिम कुशीत, मर्त नदीच्या दोन्ही काठांवर वसलेलं आहे. सातव्या शतकातल्या देओदा नावाच्या संताच्या मठाभोवती वस्ती वाढत गेली, आणि देओदाचाच अपभ्रंश होऊन 'दिए' झालं. लोकसंख्या तेव्हाही आणि आजही वीस हजारांच्या आसपास, म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या तालुक्याच्या गावाएवढी.

गाव लहान असलं तरी त्याचा इतिहास लहान नाही. १५०७ मध्ये इथल्या विद्वानांच्या एका मंडळाने भूगोलाची एक छोटी पुस्तिका छापली आणि तिच्यात अटलांटिकपलीकडच्या नव्या भूमीला 'अमेरिका' म्हणावं असं सुचवलं. त्याच मंडळातल्या मार्टिन वाल्डसेम्युलरच्या नकाशावर ते नाव पहिल्यांदा उमटलं. फ्रान्समध्ये प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचं करणारे झ्युल फेरी १८३२ मध्ये इथेच जन्मले.

पोट मात्र भरलं ते कापडधंद्याने. डोंगरातून येणारं पाणी आणि शेतीवर न भागणारी माणसं, या दोन्हींवर व्होझच्या खोऱ्याखोऱ्यांत सूतगिरण्या आणि माग उभे राहिले. १८७१ मध्ये पलीकडचा अल्सास प्रांत जर्मनीकडे गेला, सरहद्द थेट डोंगराच्या धारेवर आली आणि अल्सासमधले अनेक गिरणीमालक फ्रान्समध्ये राहता यावं म्हणून अलीकडे उतरले. साँ-दिए तेव्हापासून अधिकच गिरणगाव झालं. विणमालाचे, म्हणजे मोजे, बनियन आणि स्वेटर यांचे कारखाने इथे बरेच होते. त्यांतला एक क्लोद आणि द्युव्हाल या दोन घराण्यांचा. तो पुढे लागणार आहे.

गावाच्या रचनेतली एक गोष्ट ध्यानात ठेवायची. नदीच्या उजव्या काठावर कॅथेड्रल, बाजारपेठ आणि दाट घरं. डाव्या काठावर रेल्वे स्टेशन आणि त्याच्या आसपासची वस्ती. उजवा काठ १७५७ च्या आगीत एकदा जळाला होता आणि लॉरेनचे तेव्हाचे ड्यूक स्टानिस्लास यांच्या काळात नीटस, सरळ रेषेत पुन्हा बांधला गेला होता. जळून पुन्हा उभं राहणं या गावाला नवं नव्हतं.

घडलं काय

नोव्हेंबर १९४४. अमेरिकी सैन्य पश्चिमेकडून डोंगराच्या पायथ्याशी आलेलं, आणि माघार घेणाऱ्या जर्मन सैन्याला शत्रूच्या हाती हिवाळ्यात निवारा लागू द्यायचा नव्हता. आधी गावातले नऊशेहून अधिक पुरुष सक्तमजुरीसाठी जर्मनीत नेले. मग महिन्याच्या मध्यावर उजवा काठ लुटून पेटवून दिला. जळून जे उभं राहिलं ते सुरुंगांनी उडवलं, त्यात कॅथेड्रलही गेलं. 'अमेरिके'चं बारसं जिथे झालं म्हणून गाव दाखवत असे, ते कमानीचं जुनं घरही गेलं. अमेरिकी सैनिक आत आले तेव्हा राखेवर बर्फ पडायची वेळ झाली होती.

सुमारे १०,५०० माणसं बेघर झाली. म्हणजे निम्मं गाव.

अडचण

वरवर पाहता अडचण एकच होती : या लोकांना घरं हवीत. पण ती तीन वेगवेगळ्या लोकांना तीन वेगळ्या प्रकारांनी भेडसावत होती, आणि प्रकरणाची गाठ इथेच आहे.

घरमालकाकडे घर उरलं नव्हतं, जागा उरली होती. बाजारपेठेतल्या अरुंद, लांबट तुकड्यावर खाली दुकान, वर बिऱ्हाड आणि मागे परसू अशी त्याची पिढ्यान्‌पिढ्यांची मांडणी. इमारतीची राख झाली तरी दस्तऐवजात तो तुकडा त्याच्या नावावर होता. आपल्याकडे सातबाऱ्यावरच्या नावाबद्दल माणूस जितका हळवा असतो, तितकाच हा होता. किंबहुना जास्तच, कारण जवळ दुसरं काही राहिलं नव्हतं.

भाडेकरूची गोष्ट निराळी. गिरणीत काम करणाऱ्या या माणसाला जागेशी देणंघेणं नव्हतं. त्याला छप्पर हवं होतं, लवकर हवं होतं आणि परवडेल अशा भाड्यात हवं होतं.

तिसरा होता सरकार. नोव्हेंबर १९४४ मध्येच पॅरिसला पुनर्बांधणी आणि नगररचना खातं स्थापन झालं आणि राउल दोत्री त्याचे मंत्री झाले. एका साँ-दिएचा प्रश्न असता तर सोपं होतं. खात्यापुढे देशभरातली मोडलेली शहरं रांगेत उभी होती आणि सिमेंट, लोखंड, कोळसा, मजूर या सगळ्याची ओढाताण होती. प्रत्येक शहराला खातं एक अधिकृत नगररचनाकार नेमून देत असे. साँ-दिएच्या वाट्याला नान्सी शहरचे वास्तुकार झाक आंद्रे आले. तेही आधुनिक विचारांचेच होते, हे मुद्दाम सांगतो. 'जुनाट विरुद्ध नवं' अशी ही लढाई होती असा समज प्रकरण वाचताना पटकन होतो, आणि तो चुकीचा आहे.

पर्याय

पहिला पर्याय सगळ्यांच्या मनात आपोआप होता : होतं तसं, होतं तिथे. रस्ते थोडे रुंद करायचे, जागांच्या हद्दी थोड्या सरकवायच्या आणि ज्याचं त्याने बांधायचं. दुसरा म्हणजे अधिकृत रचनाकाराचा आराखडा. त्यात जागा एकत्र करून नव्याने वाटायच्या, पण रस्ता, दुकान आणि वरचं घर ही ओळख ठेवायची. या दोन्हींवर फार लिहिण्यासारखं नाही. देशातल्या बहुतेक मोडलेल्या गावांनी या दोहोंच्या मधली वाट धरली.

तिसरा पर्याय बाहेरून आला आणि तो आणला गावातल्याच एका माणसाने. झाँ-झाक द्युव्हाल हे तिशीतले कारखानदार. झुरिकच्या तंत्रविद्यापीठात शिकलेले. विद्यार्थी असताना त्यांनी ल कॉर्बुझिए, म्हणजे पुढे चंदीगड आखणारे प्रसिद्ध वास्तुकार, यांचं लेखन झपाटल्यासारखं वाचलं होतं, त्यांना जाऊन भेटले होते आणि ओळख टिकवून होते. आपलं गाव आणि आपला कारखाना दोन्ही मोडून पडल्यावर त्यांनी १९४५ च्या सुरुवातीला त्यांनाच हाक मारली. खटपट करून ल कॉर्बुझिए यांना शहराचे सल्लागार रचनाकार म्हणून घेतलं गेलं.

सल्लागार, हा शब्द अधोरेखित करावा. अधिकार आंद्रे यांच्याकडे, कीर्ती ल कॉर्बुझिए यांच्याकडे आणि आग्रह द्युव्हाल यांचा. एका कामाला दोन रचनाकार आणि दोघांचं आपसात ठरलेलं काही नाही. आपल्याकडच्या सोसायटीच्या पुनर्विकासात कमिटीचा एक आर्किटेक्ट आणि बिल्डरचा दुसरा असला की काय होतं, हे ज्याने पाहिलं आहे त्याला पुढचं सांगायला नको.

आराखडा मात्र खरोखर विलक्षण होता. उजव्या काठावर, कॅथेड्रलच्या पुढ्यात, पायी चालणाऱ्यांसाठी एक मोठं मोकळं पटांगण. त्यावर नगरकार्यालयांचा एक मनोरा, सभागृह, संग्रहालय, दुकानं आणि कॅफे. या इमारती एकमेकींना न चिकटता, बुद्धिबळाच्या पटावर डाव रंगात आल्यावर सोंगट्या उरतात तशा सुट्या सुट्या उभ्या. बेघरांसाठी खांबांवर उचललेल्या उंच, लांबलचक गृहइमारती, प्रत्येकीत एका छोट्या गावाएवढी वस्ती, आणि त्यांच्या मधली जमीन झाडांसाठी मोकळी. डाव्या काठावर, हिरवळीत ओळीने कारखाने. कामगाराने सकाळी घरातून निघायचं, पूल ओलांडायचा आणि कामावर जायचं. डोंगर प्रत्येक खिडकीतून दिसला पाहिजे, हा आग्रह.

ते रेखाटन मी अनेकदा पडद्यावर दाखवलं आहे. वर्गात प्रत्येक वेळी क्षणभर शांतता पसरते. मागे डोंगराची धार, पुढे नदी, आणि मध्ये हवा खेळेल अशी मांडणी. मतदान घेतलं की हात भराभर वर जातात.

मग मी चिठ्ठ्या वाटतो. एकीवर लिहिलेलं असतं : 'तुमचं बाजारात वीस फूट तोंडाचं दुकान होतं. वर तुम्ही राहायचात. आता तिथे पटांगण येणार आहे.' दुसरीवर : 'तुम्ही भाड्याने राहत होता. सध्या लाकडी खोपटात आहात. हा तुमचा दुसरा हिवाळा.' तिसरीवर : 'तुम्ही नगरसेवक आहात. तुमचे मतदार पहिल्या दोन चिठ्ठ्यांवर आहेत.' पुन्हा मतदान. मागच्या वर्षी एक मुलगी चिठ्ठी वाचून म्हणाली, "सर, हे तर आमच्या सोसायटीचं झालं. पप्पा अजून सही करत नाहीयेत." माझ्या वर्गातल्या निम्म्या मुलांच्या घरी हीच भांडणं चालू असतात, त्यामुळे दुसऱ्या मतदानाचा निकाल मला पाठ झाला आहे.

निर्णय कसा झाला

१९४५ चं वर्ष आराखडे दाखवण्यात आणि वाद घालण्यात गेलं. ल कॉर्बुझिए आपल्या कल्पना पटवून द्यायला गावात आले, बोलले. द्युव्हाल गावात त्यांची बाजू लढवत राहिले. विरोध एका गटाचा नव्हता. मालमत्ताधारक विरोधात, छोटे दुकानदार विरोधात, आणि ज्यांच्यासाठी हे चाललंय असं आराखड्याला वाटत होतं ते कामगार पुढारीही विरोधात. श्रीमंत, मध्यमवर्गीय, समाजवादी आणि साम्यवादी सगळे आपल्याविरुद्ध एक झाले, असं पुढे खुद्द ल कॉर्बुझिए यांनीच कडवटपणे नोंदवलं आहे. जानेवारी १९४६ मध्ये दोत्री मंत्रिपदावरून गेले आणि पॅरिसमधला आधारही सैल झाला. त्याच सुमारास गावाने आराखडा बाजूला ठेवला.

हे सगळं 'लोकांना कळलं नाही' या एका वाक्यात गुंडाळायची सवय आमच्या व्यवसायात आहे. मला ते पटत नाही. लोकांना व्यवस्थित कळलं होतं. तीन मुद्दे घेऊन पाहू.

पहिला मुद्दा मालकीचा. आराखड्यात उजव्या काठावरचे शेकडो लहान तुकडे एकत्र होऊन एकच मोठी जमीन होत होती. मालकाला बदल्यात काय? उंच इमारतीतली एक सदनिका. फ्रान्समध्ये मजल्यावरच्या सदनिकेच्या मालकीला १९३८ च्या कायद्याने चौकट दिली होती, पण मुंबईकराला 'ब्लॉक घेतला' म्हणणं जितकं सहज वाटतं तितकं ते डोंगरातल्या गिरणगावाला नव्हतं. आणि दुकानाचं काय? वर बिऱ्हाड, खाली गल्ला, या जोडीवर संसार चालत होता. आराखड्याने ती जोडी तोडली होती.

दुसरा मुद्दा पैशाचा, आणि मला वाटतं हाच सर्वांत कमी चर्चिला जातो. युद्धात मोडलेल्या वास्तूच्या पुनर्बांधणीचा खर्च सरकार देईल, हे तत्त्व पक्कं करणारा कायदा २८ ऑक्टोबर १९४६ चा. आराखड्यावर निर्णय झाला तो त्याच्या अनेक महिने आधी. म्हणजे आपल्या राखेच्या बदल्यात नेमकं काय मिळणार, किती आणि कधी, याचे नियम हातात नसताना मालकांना 'तुमचा तुकडा सोडा' असं सांगितलं जात होतं. ज्या माणसाच्या हातात एकच पत्ता आहे त्याला डाव कुठला हे न सांगता पत्ता टाकायला सांगण्यासारखं हे. त्याने टाकला नाही.

तिसरा मुद्दा अगदी साधा. अशी इमारत कुणी पाहिलीच नव्हती. ल कॉर्बुझिए यांची या प्रकारची पहिली मोठी गृहइमारत, मार्सेयची, तिचं काम १९४७ मध्ये सुरू झालं आणि ती १९५२ मध्ये पुरी झाली. ३३७ सदनिका, सोळाशेच्या आसपास माणसं, मधल्या मजल्यावर दुकानांची गल्ली, गच्चीवर मुलांची शाळा. आज तिथे राहणारी माणसं अभिमानाने घर दाखवतात. पण १९४५ मध्ये साँ-दिएच्या दुकानदारासमोर होतं फक्त चित्र. बायको विचारणार, 'सरपण कुठे ठेवायचं?' चित्रात त्याचं उत्तर नव्हतं.

मग झालं काय

गाव बांधलं गेलं, चांगलं बांधलं गेलं, आणि त्याला वेळ लागला. जागांची फेरवाटणी झाली. स्टेशनाकडून येणारा, नदी ओलांडून थेट कॅथेड्रलला भिडणारा रू तिएर हा रुंद रस्ता मुख्य अक्ष झाला. दोन्ही बाजूंना तीन-चार मजली, एकसारख्या उंचीच्या इमारती : खाली दुकानं, वर घरं. चौकट नवी, राहणी जुनी. मधली काही वर्षं अनेक कुटुंबांनी लाकडी खोपटांत काढली. कॅथेड्रल पुन्हा पूर्णपणे उपासनेला खुलं व्हायला १९७४ उजाडलं. स्थापत्याच्या पुस्तकांत या रस्त्याचा फोटो सहसा येत नाही, पण बाजाराच्या दिवशी तो भरलेला असतो.

नाकारलेला आराखडा मात्र जगभर फिरला. अमेरिकेत प्रदर्शनांत मांडला गेला, आणि नगरकेंद्र कसं असावं याचा नमुना म्हणून दोन पिढ्यांच्या विद्यार्थ्यांनी तो गिरवला. १९५१ मध्ये ल कॉर्बुझिए चंदीगडला आले तेव्हा साँ-दिएला जे पटांगण मिळालं नाही त्याचा विचार त्यांच्याबरोबर होता. सुट्या उभ्या इमारती, मध्ये विस्तीर्ण मोकळीक आणि मागे डोंगराची रांग. तिथलं कॅपिटॉल संकुल, म्हणजे विधानसभा, सचिवालय आणि उच्च न्यायालयाचा परिसर, आणि हे जुनं रेखाटन शेजारी शेजारी ठेवून पाहा, नातं सांगावं लागत नाही. पुण्यात जन्मलेले वास्तुकार बाळकृष्ण दोशी त्याच वर्षी पॅरिसच्या त्यांच्या कार्यालयात रुजू झाले आणि चंदीगडच्या कामात गुंतले. फरक एवढाच की चंदीगडला गिऱ्हाईक सरकार होतं आणि जमीन सरकारने संपादन करून दिली होती. ती ज्या गावांची होती त्या गावांना चिठ्ठी कुणी दिली नव्हती.

आणि इकडे साँ-दिएला, सगळं संपल्यासारखं वाटत असताना, द्युव्हाल यांनी ल कॉर्बुझिए यांना दुसरं काम दिलं. माझा कारखाना बांधा.

कारखाना

इथे जरा थांबायला हवं, कारण याच गावात, याच वास्तुकाराने, याच गिऱ्हाइकाच्या मदतीने, त्याच टंचाईच्या काळात हे काम तडीस नेलं. आखणी १९४६ पासून, बांधकाम १९४८ ते १९५१.

बाहेरून दिसते ती एक लांबट, सरळसोट इमारत, साधारण ऐंशी मीटरची. तळमजला खांबांवर मोकळा, वर कामाचे तीन मजले आणि गच्चीवर कार्यालयं. दर्शनी बाजूला काँक्रीटच्या आडव्या-उभ्या पट्ट्यांची जाळी. तिला फ्रेंचमध्ये ब्रीझ-सोलेय म्हणतात, म्हणजे ऊन मोडणारी. आपण पुढे चंदीगड आणि अहमदाबादला जी पाहिली तीच, फक्त इथे तिच्यावर बर्फ साचतो. सगळी मापं 'मॉड्युलॉर' या त्यांच्या मोजपट्टीने काढलेली. हात वर केलेला माणूस २ मीटर २६ सेंटिमीटर, त्यातून पुढची सगळी गणितं. ही मोजपट्टी लावून उभ्या राहिलेल्या पहिल्या इमारतींपैकी ही एक.

पण मला आवडतात त्या तिच्या दोन टोकांच्या भिंती. त्या काँक्रीटच्या नाहीत. जुना कारखाना मोडला तेव्हा जो गुलाबी वालुकाश्म ढिगाऱ्यात पडला होता, तोच वेचून त्या रचल्या आहेत. व्होझचा हा दगड पावसात भिजला की विटेसारखा लाल होतो आणि सुकला की फिका गुलाबी. काही चिरे धड, काही कोपऱ्याला तुटलेले. इतक्या नव्या इमारतीच्या दोन्ही कडा जळलेल्या गावाच्या दगडाच्या आहेत, हे जवळ गेल्याशिवाय कळत नाही.

आत कामाचा ओघ वरून खाली. कापड वर चढवायचं, वर कापणी, मग शिलाईचं उंच, दुहेरी उंचीचं दालन, आणि खाली उतरता उतरता इस्त्री, घड्या आणि बांधाबांध. माल स्वतःच्या वजनाने खाली येतो, माणसाला ओझी वाहावी लागत नाहीत. छताला गडद रंग दिलेले. नळ आणि वाहिन्या लपवलेल्या नाहीत, त्याही रंगवल्या आहेत. दिवसभर मान खाली घालून शिवणाऱ्या बाईने मान वर केली तर तिला रंग दिसावा, आणि बाजूला पाहिलं तर डोंगर.

हे जमलं कशामुळे? द्युव्हाल यांना आपलं काम मिनिटामिनिटाचं माहीत होतं. कुठलं यंत्र कुठे, कोण कुणाला काय देतं, उजेड कुठून हवा, हे ते सांगू शकत होते, आणि वास्तुकाराशी वाद घालायला कचरत नव्हते. दोघांमधला पत्रव्यवहार वर्षानुवर्षं चालला आणि त्यातून मैत्री झाली ती आयुष्यभराची. निर्णय घ्यायला एकच माणूस आणि जमीन त्याचीच.

१७ जुलै २०१६ रोजी ल कॉर्बुझिए यांच्या सात देशांतल्या १७ वास्तू एकत्रितपणे युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेल्या. चंदीगडचं कॅपिटॉल संकुल आणि साँ-दिएचा हा विणमालाचा कारखाना एकाच नोंदीत आहेत. तेव्हाही आत शिलाईयंत्रं चालू होती.

वेगळं काय करता आलं असतं

मागाहून शहाणपण सुचवणं सोपं असतं, तरी तीन जागी वाट वळवता आली असती असं मला वाटतं.

नेमणुकीच्या वेळी. ल कॉर्बुझिए आणि आंद्रे यांचे वैचारिक मतभेद फार मोठे नव्हते. दोघांना एका टेबलाशी बसवून एकच आराखडा मागितला असता तर गावासमोर एकच प्रश्न आला असता. दोन आराखडे आले आणि लोकांनी साहजिकच त्यांतला कमी धोक्याचा उचलला.

क्रमात. कुणाचीही मालकी नसलेल्या किंवा नगरपालिकेच्या जागेवर, आणि ते डाव्या काठावर असतं तरी चाललं असतं, भाडेकरूंसाठी एकच इमारत आधी उभी करता आली असती. बाजारपेठेच्या तुकड्यांना हात न लावता. भाडेकरूला छप्पर मिळालं असतं आणि दुकानदाराला आत जाऊन सरपण कुठे ठेवतात ते पाहता आलं असतं. ल कॉर्बुझिए यांना हे तुकड्यातुकड्यांचं काम मानवलं असतं का, याबद्दल मला शंका आहे. त्यांना शहर हवं होतं, इमारत नव्हे. त्याच काळात ला रोशेलच्या बंदरवस्तीसाठी केलेले त्यांचे आराखडेही कागदावरच राहिले.

वेळेत. भरपाईचे नियम हाती आल्यावर, प्रत्येक मालकाच्या नावासमोर 'आधी हे होतं, आता हे मिळेल' असा तक्ता मांडून मत घेतलं असतं तर निकाल कदाचित तोच लागला असता, पण तो आराखड्यावरचा निकाल असता. युद्धात असंच मोडलेलं ल हाव्र शहर वास्तुकार ऑग्युस्त पेरे यांच्या हाताखाली नव्या चौकटीत बांधलं गेलं, आणि तेही २००५ पासून वारसा यादीत आहे. जमिनी एकत्र करणं फ्रान्समध्ये तेव्हा अशक्य नव्हतं. मालकाला बदल्यात काय ते समजावं लागत होतं. खोपटात दुसरा हिवाळा काढणाऱ्यांकडे मात्र थांबायला सवड नव्हती, त्यामुळे या तिसऱ्या सूचनेवर मी स्वतःच फार ठाम नाही.

वर्गाच्या शेवटी मी गावाचा नकाशा लावतो आणि कारखाना शोधायला सांगतो. मुलं आधी डाव्या काठावर शोधतात, कारण आराखड्यात कारखाने तिथे होते. तिथे तो सापडत नाही. तो आहे उजव्या काठावर, कॅथेड्रलच्या पलीकडे, डोंगराकडे जाणाऱ्या रोबाश रस्त्याला. आराखड्यानुसार तिथे कारखाना असायलाच नको. पण जुना कारखाना तिथे होता, जागा घराण्याच्या नावावर होती आणि दगड तिथेच पडले होते. सगळ्या गावाने आपापले तुकडे सोडावेत म्हणून वर्षभर भांडलेल्या माणसाने आपला कारखाना बांधला तो होता तिथेच.